कपडे वाळायला किती वीज लागते?

आपल्या बहुतेक घरांत ‘ड्रायर’ म्हणजे सेमी-ऑटोमॅटिक मशीनचा छोटा टब. तो कपडे वाळवत नाही, नुसता पिळतो. त्याला काहीशे वॅट पुरतात. खरा ड्रायर पाण्याची वाफ करतो, आणि हिशोब तिथेच बदलतो. एक लिटर पाणी उडवायला साधारण ०.६५ युनिट उष्णता लागते. पिळलेल्या कपड्यांतही दोन-तीन लिटर पाणी सहज उरतं. म्हणजे साध्या हीटरवाल्या ड्रायरला एका खेपेला दीड-दोन युनिट तरी हवेतच.

अमेरिकेत १९३८च्या सुमारास हॅमिल्टन कंपनीने घरगुती ड्रायर विकायला आणला. तिथे दिवे-पंखे १२० व्होल्टवर चालतात, पण ड्रायरसाठी घरोघरी २४० व्होल्ट, ३० अँपिअरची वेगळी लाइन आली. पाच हजार वॅटचं यंत्र त्यावर आरामात चालतं.

आपल्या भिंतीवरचा गोल पिनांचा प्लग ब्रिटिशांच्या १९३४च्या मानकातून आलेला आहे. ब्रिटनने १९४७मध्ये चौकोनी पिनांचं नवं मानक काढलं, आपण गोल पिनाच ठेवल्या. लहान प्लग ५ अँपिअरचा, मोठा १५चा (आता ६ आणि १६). २३० व्होल्ट गुणिले १५, म्हणजे ३४५० वॅट. आपल्याकडच्या ड्रायरला या आकड्याच्या आतच बसावं लागतं. म्हणून तो गिझरसारखा साधारण दोन हजार वॅटचा असतो. दोन्ही एकदम लावण्याआधी वीजबिलावरचा ‘मंजूर भार’ वाचा.

नाशिकजवळ एकलहऱ्याचं औष्णिक वीजकेंद्र १९७०-७१मध्ये सुरू झालं. तरी त्या विजेवर कपडे वाळवायचं कुणाच्या मनात आलं नाही. आठ महिने ऊन असताना कशाला? पण मला ‘ऊन फुकट’ हे वाक्य खटकतं. जुन्या वाड्यांत उंच वलणीवर सोवळ्याचे कपडे काठीने चढवायचे, पुढे सोसायटीच्या गच्चीवर बादल्या न्यायच्या, आभाळ आलं की धावत वर जायचं. हे बहुतेक बायांनीच केलं आणि ते कुठल्याच मीटरवर चढलं नाही.

आता नव्या इमारतींत बाल्कन्या लहान होत चालल्यात, काही सोसायट्यांना बाहेर वाळणारे कपडे दिसायलाही नको आहेत. उन्हाची जागा आपण स्वतःहून विजेला देतोय. त्यातली बरीच वीज अजून कोळशाची आहे. ड्रायर जरूर घ्या. पावसाळ्यात तो लागतोच. पण फ्लॅट बघायला जाल तेव्हा पॉवर पॉइंटसोबत कपडे वाळत घालायची जागाही विचारा. आणि मग ते वाळत कोण घालणार, हेही घरात ठरवा.