जांभळा बीच आणि माळ्याचा हात

चैत्रात कुसुंबाला फुटणारी लालभडक पालवी आपण सर्वांनी पाहिली आहे. पिंपळही तांबूस पालवतो. परंतु आपल्याकडचा हा रंग पंधरा दिवसांचा पाहुणा. पान जून झाले की हिरवे. युरोपातील ज्या जांभळ्या बीचविषयी आम्ही आज बोलणार आहोत, त्याचे पान वसंतात तांबडे फुटते आणि भर उन्हाळ्यात काळपट जांभळे होते. बीच म्हणजे आपले बुचाचे झाड नव्हे, हे आधीच सांगितलेले बरे. हा थंड मुलुखातला, शंभर फुटांपर्यंत जाणारा, राखी गुळगुळीत सालीचा वृक्ष. आपल्या उन्हात तो तग धरणार नाही. मग कामगार-चळवळीतल्या माणसांनी त्याच्या पाठीस का लागावे? बागेत कोणते झाड लावायचे हे कोणी ठरविले आणि ते वाढविले कोणी, हा प्रश्न आमच्या नेहमीच्या प्रश्नांच्या रांगेतलाच आहे, म्हणून.

हे झाड कोणी घडविलेले नाही. हिरव्या बीचच्या रानात क्वचित एखादे रोप जांभळे निपजते, एवढेच. स्वित्झर्लंडमध्ये झुरिकच्या मुलुखात बूख नावाचे गाव आहे. तेथील रानातल्या तांबड्या पानांच्या बीचची नोंद वाग्नर नावाच्या विद्वानाने १६८० साली छापली. गावकऱ्यांना कारण ठाऊक होते : पाच भावांनी एकमेकांचा जीव घेतला आणि ते रक्त पानांवर उतरले! भाऊबंदकीची गोष्ट कोणत्याही देशात लवकर पटते. विज्ञान सांगते ते साधे आहे. पानातले हरितद्रव्य कोठे गेलेले नसते. त्याच्यावर ॲन्थोसायनिन ह्या जांभळ्या रंगद्रव्याचा पडदा असतो. ऊन कमी पडले की पडदा विरळ होतो, म्हणून आतल्या फांद्यांची पाने हिरवट दिसतात. पुढे अठराव्या शतकात जर्मनीतील थुरिंगिया प्रांतात, झोंडर्सहाउझेनजवळच्या रानात, असेच एक झाड सापडले. बागांतून पसरलेल्या जांभळ्या बीचपैकी बहुतेकांचे मूळ त्या एका झाडापाशी आहे, असे मानले जाते.

एका झाडाची इतकी झाडे झाली कशी? बी पेरून हे काम भागत नाही. जांभळ्या बीचचे बी पेरले तर काही रोपे हिरवी, काही मळकट आणि थोडीच हवी तशी निघतात. मातृवृक्षाचा नेमका रंग हवा असेल तर कलमच करावे लागते. हिरव्या बीचचा खुंट कुंडीत वाढवायचा, जांभळ्याची काडी धारदार चाकूने तासायची, सालीला साल भिडवून बांधायची आणि काचघरात जपायची. थंडीत बोटे आखडलेली असताना हे काम हजारो वेळा ज्यांनी केले, त्यांची नावे कोठे लिहिलेली नाहीत.

एक नाव मात्र उरले आहे. बोहेमियात, म्हणजे आजच्या चेक प्रजासत्ताकात, सिख्रोव्ह येथे रोहान घराण्याची जहागीर होती. तेथील माळी माशेक ह्याने १८८८ साली कातरलेल्या पानांचा जांभळा बीच निपजविला. लांबून ओकचे पान वाटावे असे ते देखणे पान आहे. त्या जातीला नाव मिळाले ‘रोहानी’! जहागीरदाराचा हात मातीला लागला होता की नाही, देव जाणे. ज्या उद्यानशास्त्राच्या ग्रंथांतून आम्ही हे शिकलो, त्यांनी माशेकचे नाव निदान एका ओळीत टिकविले. गिरण्यांच्या इतिहासात एवढेही घडत नाही.

इंग्लंडात हा वृक्ष श्रीमंती वाड्याची खूण झाला. शेरलॉक होम्सच्या १८९२ सालच्या एका कथेचे नावच दारापुढच्या तांबड्या बीचवरून पडले आहे. वाचकांना त्यातले रहस्य आठवते. आम्हांला आठवते ती महिना चार पौंडांवर राबलेली शिक्षिका. तिला वर्षाला शंभराच्या वर पौंड देऊ करतात आणि अट घालतात, की केस कापून ये! मोठ्या पगाराची अट नीट वाचावी, हे आम्ही सभांतून सांगत आलो आहोत.

शोभेची झाडे वाड्यांच्या भिंतींबाहेर आणणाऱ्यांत जे. सी. लौडन हा अग्रणी. १८३८ मध्ये पुऱ्या झालेल्या आपल्या वृक्षग्रंथात त्याने जांभळ्या बीचची दखल घेतली. डर्बी गावात जोसेफ स्ट्रट ह्या गिरणीमालकाने दिलेल्या जागेवर १८४० साली त्याने आखलेली वृक्षबाग खुली झाली. प्रत्येक झाड सुटे, ओळखता येईल असे लावलेले. मालकाची देणगी म्हणून आम्ही नाक मुरडणार नाही. बाग चांगली होती. परंतु फुकट प्रवेश आठवड्यातून दोनच दिवस, रविवारी आणि बुधवारी. कायमची फी उठायला १८८२ साल उजाडले. म्हणजे बेचाळीस वर्षे सावलीला तिकीट होते. आमच्या माहितीच्या एका कारखान्यात साहेबांच्या दारी हिरवळ आणि पाळी सुटलेल्या माणसांना बसायला पत्र्याचा आडोसाही नाही, असे आम्ही पाहिले आहे. म्हणून ही तारीख डोक्यात राहिली.

आता निवडीचे. गडद रंग हवा तर इंग्लंडातील रिव्हर्स ह्यांच्या रोपवाटिकेचा ‘रिव्हर्सी’. जागा अरुंद असेल तर रॉटरडॅमच्या ट्रॉम्पेनबुर्ख वृक्षोद्यानात १९६९ च्या पेरणीतून निघालेला, खांबासारखा सरळ ‘डॉइक पर्पल’. आमचे मत विचाराल तर जांभळा बीच एकटाच लावावा, मागे हिरवी झाडे असावीत आणि त्याच्यावर ऊन पडावे. चार लावले की बागेवर सुतक येते. त्याची मुळे उथळ असतात, माती तुडविली गेली की ती गुदमरतात. साल पातळ असल्याने खालच्या फांद्या तोडून खोड उन्हात उघडे टाकू नये. बुंध्याशी हिरवळ धरत नाही, तेथे पालापाचोळाच राहू द्यावा.

अमेरिकेत ऱ्होड आयलंडमधील न्यूपोर्टच्या धनिकांनी एकोणिसाव्या शतकात लावलेले बीच आता थकले आहेत. त्यात २०१२ साली ओहायो राज्यात बीचच्या पानांवर नवा रोग दिसला. सूत्रकृमी कळीत शिरतो आणि पानाच्या शिरांमध्ये गडद पट्टे उमटतात. २०२० साली तो ऱ्होड आयलंडला पोचला. युरोपचा बीचही त्याला बळी पडतो आणि जांभळ्या पानावर ते पट्टे लवकर नजरेस येत नाहीत. तेथल्या माळ्यांना आता पान उलटून, उजेडासमोर धरून पाहावे लागते.