शंखी गोगलगाय, शंकू गोगलगाय आणि नामशेष कोन स्नेल: सारख्या नावांचा घोळ कसा सोडवायचा?

समजा, तुम्ही वसमत किंवा कळमनुरी तालुक्यात शेती करता. जून-जुलैमध्ये सोयाबीन उगवून आलं आणि सकाळी बांधाजवळची रोपं कुरतडलेली दिसली. तुम्ही मोबाईलवर बोलून विचारलं, "शंखी गोगलगाय विषारी असते का?" उत्तरात एक व्हिडिओ आला: समुद्रातली "शंकू गोगलगाय", जिच्या डंखाने माणूसही मरू शकतो! आता हाताने गोगलगायी वेचायच्या की नाही?

घाबरू नका. हे दोन पूर्ण वेगळे प्राणी आहेत. सारखी आहेत ती फक्त नावं. या लेखात आपण बघू की हे प्राणी कोणते, त्यांची नावं आली कुठून आणि नामशेष झालेल्या कोन स्नेल हिंगोलीच्या दगडात सापडतील का.

शंखी गोगलगाय म्हणजे कोण?

ही जमिनीवर राहणारी आफ्रिकन गोगलगाय. शास्त्रीय नाव लिसाचॅटिना फुलिका; जुन्या पुस्तकांत अचाटिना फुलिका असंही सापडेल. मूळ पूर्व आफ्रिकेतली, आणि भारतात ती 1847 मध्ये कोलकात्याला आणली गेली. 2022 च्या खरिपात मराठवाड्यात सोयाबीनच्या कोवळ्या रोपांवर हिने मोठं नुकसान केलं, तेव्हापासून हे नाव गावोगावी पोचलं.

ही डंख मारत नाही. पण तिच्या अंगात उंदरांकडून आलेला एक कृमी असू शकतो, जो माणसाच्या मेंदूपर्यंत पोचून आजार करतो. म्हणून वेचताना हातमोजे घालायचे, नंतर साबणाने हात धुवायचे आणि वेचलेल्या गोगलगायी साबणाच्या किंवा मिठाच्या पाण्यात टाकायच्या. मेटाल्डिहाइडच्या गोळ्या वापरणार असाल तर कुत्री आणि जनावरं लांब ठेवा, त्यांच्यासाठी ते विष आहे. प्रमाण कृषी सहायकाला विचारूनच ठरवा.

शंकू गोगलगाय म्हणजे कोण?

ही समुद्रातली. इंग्रजीत कोन स्नेल, शास्त्रीय नाव कोनस. कार्ल लिनियसने 1758 मध्ये हे नाव दिलं. कवच आइसक्रीमच्या कोनासारखं निमुळतं. तोंडातला दात भाल्यासारखा बाहेर येतो आणि भक्ष्यात विष सोडतो. कोनस जिओग्राफस या प्रजातीच्या डंखाने माणसं दगावल्याच्या नोंदी आहेत. म्हणून कोकणात किंवा अंदमानला फिरायला गेलात तर जिवंत कोन स्नेल सुंदर दिसली तरी उचलायची नाही.

हेच विष औषध म्हणूनही कामाला आलं. कोनस मेगस या प्रजातीच्या विषातल्या एका घटकाची हुबेहूब नक्कल म्हणजे झिकोनोटाइड. अमेरिकेत 2004 मध्ये त्याला तीव्र वेदनांसाठी मंजुरी मिळाली. ते थेट मणक्याच्या पोकळीत द्यावं लागतं.

फोन का गोंधळतो?

कारण सोपं आहे. सर्चमध्ये चुकीचं स्पेलिंग सुधारताना एक मोजमाप वापरलं जातं: एका शब्दाचा दुसरा करायला किती चिन्हं बदलावी लागतील? रशियन गणितज्ञ व्लादिमिर लेवेन्श्टाइन यांनी 1965 मध्ये हे मोजमाप मांडलं. "शंखी" मध्ये श, अनुस्वार, ख आणि दीर्घ ई अशी चार चिन्हं आहेत. "शंकू" मध्ये श, अनुस्वार, क आणि दीर्घ ऊ. फरक फक्त दोन चिन्हांचा! बोलून टाइप केलं तर क आणि ख मधला श्वासाचा फरकही माइकवर नीट पकडला जाईलच असं नाही. त्यात "कोन स्नेल" चं शब्दशः भाषांतर "शंकू गोगलगाय" होतं. झाला घोळ.

आता शब्दांची गंमत

शंख आणि शंकू कानाला भावंडं वाटतात, पण तसं नाही. शंकू म्हणजे संस्कृतात खुंटी, खिळा. सावली मोजून वेळ काढायला जमिनीत उभा रोवत ती काठीही शंकूच. टोकदार म्हणून भूमितीतल्या आकाराला तेच नाव मिळालं.

शंखाचं खरं नातं मात्र लांबचं आहे. ग्रीक "कोन्खे" म्हणजे शिंपला, त्यावरून लॅटिन "कोन्खा" आणि इंग्रजी "काँक". बहुतेक कोशकार शंख आणि कोन्खे एकाच मुळाचे मानतात. संस्कृतात जिथे श येतो तिथे ग्रीक-लॅटिनमध्ये अनेकदा क येतो: आपलं शत म्हणजे लॅटिन "केन्टुम", आपला श्वान म्हणजे लॅटिन "कानिस". म्हणजे कानाला वेगळे वाटणारे शब्द नात्यातले निघाले आणि सारखे वाटणारे परके. शब्दांचं नातं अशा नियमित बदलावरून ओळखतात, नुसत्या ऐकण्यावरून नाही.

मग कोनस? ग्रीक "कोनोस" म्हणजे पाइनच्या झाडाचं फळ किंवा शंकूचा आकार. आपला त्रिकोणातला कोन म्हणजे कोपरा, तो शब्द वेगळा. पेंटागॉन मधला "गॉन" सुद्धा ग्रीक "गोनिया" म्हणजे कोपरा यावरून आला, कोनोसवरून नाही. त्यामुळे "कोन स्नेल" वाचून "कोपऱ्यातली गोगलगाय" असा अर्थ काढू नका!

आणि कवडी? तिथे उलटा प्रवास आहे. इंग्रजी "काउरी" हा शब्द आपल्याकडूनच गेला. संस्कृत कपर्दक, त्यावरून कवडी, हिंदीत कौडी, आणि तिथून इंग्रजीत.

नामशेष कोन स्नेल हिंगोलीत सापडतील का?

विहीर खणताना गोगलगायीच्या आकाराचा दगड मिळाला, तर तो लाखो वर्षांपूर्वीचा विषारी कोन स्नेल असेल का? नाही. दोन कारणं आहेत.

पहिलं, वय. हिंगोलीखालचा काळा पाषाण म्हणजे दख्खनच्या लाव्ह्याचा बेसॉल्ट, सुमारे 6.6 कोटी वर्षांपूर्वीचा. कोन स्नेलचे सगळ्यात जुने जीवाश्म सुमारे 5.5 कोटी वर्षांचे. म्हणजे हा दगड थिजला तेव्हा कोन स्नेल जन्मालाच यायच्या होत्या.

दुसरं, जागा. कोन स्नेल समुद्रातल्या, आणि इथला लाव्हा जमिनीवर पसरला. दोन थरांच्या मधल्या काळात तळी साचली आणि त्यांत गोड्या पाण्यातल्या गोगलगायी राहिल्या. त्यातली प्रसिद्ध फायसा प्रिन्सेपी, 1840 मध्ये सॉवर्बी यांनी वर्णन केलेली. नागपूरजवळच्या टाकळीच्या थरांत अशा गोगलगायी स्टीफन हिस्लॉप यांना मिळाल्या होत्या. त्यामुळे लाव्ह्याच्या दोन थरांमधून असा दगड निघालाच, तर पहिला संशय अशा तळ्यातल्या गोगलगायीवर घ्यायचा. त्या नामशेष आहेत, पण विषारी कोन नाहीत.

भारतात कोनसचे जीवाश्म हवे असतील तर कच्छला किंवा केरळात कोल्लमजवळ जावं लागेल, कारण तिथले थर जुन्या समुद्राचे आहेत.

नामशेष प्रजाती ओळखतात कशा?

जिवंत कोन स्नेल कवचावरच्या नक्षीवरून ओळखता येतात, पण जीवाश्मात रंग उडालेला असतो. इथे तंत्रज्ञान मदतीला येतं. जीवाश्मावर अतिनील प्रकाश टाकला की जिथे पूर्वी रंगद्रव्य होतं तो भाग चमकतो आणि जुनी नक्षी पुन्हा दिसते. जोनाथन हेंड्रिक्स यांनी 2015 मध्ये अशाच पद्धतीने डॉमिनिकन रिपब्लिकमधल्या जीवाश्मांतून 28 प्रजाती ओळखल्या, त्यातल्या 13 नव्या होत्या.

नाव एकच असलं तर?

प्राण्यांच्या शास्त्रीय नावांसाठी जागतिक नियम आहेत. एकाच वंशनावाचे दोन दावेदार असले तर आधी दिलेलं नाव टिकतं. म्हणूनच प्लॅटिपसचं शास्त्रीय नाव प्लॅटिपस नाही! ते नाव 1793 मध्येच एका भुंग्याला दिलं गेलं होतं, म्हणून त्या प्राण्याला ऑर्निथोऱ्हिंकस हे नाव मिळालं. वंशनावात एका अक्षराचा फरक असला तरी ती दोन वेगळी नावं धरली जातात. बोलीभाषेतल्या नावांना असा पहारेकरी नाही.

थोडक्यात लक्षात ठेवा

- शेतात: शंखी गोगलगाय, लिसाचॅटिना फुलिका. डंख नाही, हातमोजे हवेत.
- समुद्रात: शंकू गोगलगाय, कोनस. जिवंत असेल तर हात लावू नका.
- लाव्ह्याच्या थरांमध्ये: तळ्यातली नामशेष गोगलगाय. कोनस नाही.

पुढच्या वेळी मोबाईलवर शोधताना गोगलगायीच्या नावापुढे "सोयाबीन" किंवा "शेती" हा शब्द जोडा, आणि उत्तरात शास्त्रीय नाव दिलंय का ते बघा. ते जुळलं नाही तर ती माहिती तुमच्या शेतातल्या गोगलगायीची नाही.