गोदाकाठचे सोळा शिष्य



तुकोबांच्या पालखीच्या वाटेवरची गावे आपल्याला तोंडपाठ आहेत: बारामती, सणसर, अंथुर्णे, निमगाव केतकी, इंदापूर. अशीच एक यादी सुत्तनिपात या बौद्धांच्या फार जुन्या पाली ग्रंथात आहे, आणि तिचा आरंभ आपल्या पैठणापासून होतो.

गोदाकाठी बावरी नावाचा वृद्ध ब्राह्मण राहत असे. एका याचकाने त्याच्याकडे ५०० नाणी मागितली. ती नव्हती, म्हणून याचकाने शाप दिला. भ्यालेल्या बावरीने आपले १६ शिष्य भगवान बुद्धांकडे धाडले. पैठण, माहिष्मती, उज्जयिनी, विदिशा, कोसंबी, साकेत, श्रावस्ती, कपिलवस्तू, कुसिनारा, पावा, वैशाली अशी वाट चालत ते मगधात पोचले. ही कथा ग्रंथाला मागाहून जोडली, असे विद्वान म्हणतात. तरी गावांचा क्रम खऱ्या वाटेचाच आहे.

कित्येक पिढ्या हे सारे भिक्षूंच्या मुखातच होते. इसवी सनापूर्वी पहिल्या शतकात श्रीलंकेत दुष्काळ पडला, लढाया झाल्या. पाठ असणारेच उरले नाहीत तर काय, या धास्तीने ते लिहून काढले गेले. पुढे धर्मानंद कोसंबी यांनी सुत्तनिपात मराठीत आणला, म्हणून सातवी शिकलेल्या मला तो वाचता आला.

आपल्या सासवा-आयांच्या जात्यावरच्या ओव्याही मुखातच आहेत. जाती तर केव्हाच थांबली. मंडळाने यंदा त्यासाठी एक वही घालावी. पहिली ओवी माझ्या सासूबाईंची मी आणून देते.