कंपनी : कोशांतली आणि लोकांच्या तोंडची

औरंगाबाद जिल्ह्यांतील, म्हणजे हल्लींच्या छत्रपती संभाजीनगर जिल्ह्यांतील, कन्नड गांवाहून चाळीसगांवाकडे उतरणाऱ्या घाटास औट्रम घाट असें नांव आहे. सातमाळ्याच्या या डोंगरांत एके काळीं दोन राज्यांची सीमा होती. घाटमाथ्यावर निजामाचा अंमल. घाटाखालीं खानदेशांत १८१८ पासून कंपनीचा. माथ्यावरच्या गाडीवानास कंपनी म्हणजे घाटाच्या पायथ्याशीं सुरू होणारा मुलूख. इंग्रजी कोश उघडून पाहिल्यास ‘कंपनी’ या शब्दाचा हा अर्थ तेथें सांपडत नाहीं. असें कां व्हावें, हें पाहण्यासारखें आहे.

कोशांतला अर्थ मोठा गोड आहे. हा शब्द फ्रेंचांतून इंग्रजींत आला व त्याचें मूळ लॅटिन भाषेंत आहे. ‘कुम्’ म्हणजे सह आणि ‘पानिस’ म्हणजे पाव. ज्यांच्यासह भाकरी खावयाची ते सोबती, आणि अशा सोबत्यांचा मेळा ती कंपनी. या एका अर्थास पुढें फांद्या फुटल्या. भांडवल एकत्र करणारे व्यापारी ही कंपनी. एका कप्तानाच्या हाताखालील सुमारें शंभर शिपाई ही कंपनी. आणि गलबतावरील सारे खलाशी हीहि कंपनीच.

यांपैकीं व्यापारी कंपनी आपल्याकडे प्रथम आली. ३१ डिसेंबर १६०० रोजीं इलिझाबेथ राणीनें लंडनच्या व्यापाऱ्यांस पूर्वेकडील व्यापाराची सनद दिली. मराठी माणसाच्या तोंडीं या नांवाची कुंपणी, कुंफणी अशीं रूपें झालीं. पुढें तिला ‘बहादूर’ हा किताबहि जोडला गेला आणि हिशेबाच्या वह्या ठेवणारी मंडळी ‘कंपनी सरकार’ होऊन बसली. ‘कुंपणी’चा आपल्या ‘कुंपणा’शीं व्युत्पत्तीनें कांहीं संबंध नाहीं, परंतु इतिहासानें तो जोडून दिला. १७९८ सालीं निजामानें रक्षणासाठीं कंपनीची तैनाती फौज पत्करली. पुढें इंग्रज अधिकाऱ्यांच्या हाताखालीं कंटिंजंट नांवाची आणखी एक फौज उभी राहिली. तिच्या खर्चाची बाकी तुंबली, आणि त्या खर्चापायीं १८५३ सालीं वऱ्हाड, धाराशिव व रायचूर दुआब हे प्रांत कंपनीच्या हवालीं करावे लागले. कुंपणानेंच शेत खाल्लें, ही म्हण येथें शब्दशः खरी ठरली.

मौज अशी कीं, हैदराबादेस त्याच काळांत दुसरीहि एक कंपनी होती. विल्यम पामर यानें १८१४ च्या सुमारास काढलेली ही सावकारी पेढी ‘पामर आणि कंपनी’ या नांवानें चाले. तिनें निजाम सरकारास जबर व्याजानें कर्जें दिलीं. १८२० मधील एकच कर्ज साठ लाख रुपयांचें होतें. रेसिडेंट मेटकाफ यानें हा प्रकार उजेडांत आणला. तेव्हां उत्तर सरकार प्रांताबद्दल जी रक्कम दरसाल निजामास मिळत असे, तीवर पाणी सोडून त्यानें या कंपनीचें देणें मोठ्या कंपनीकडून फेडून घेतलें. एका कंपनीच्या तावडींतून सुटावें तों दुसरीच्या हातीं सांपडावें, अशी ही स्थिति झाली. नांव एकच, अर्थ दोन. भार मात्र अखेरीस सारा बिचाऱ्या रयतेच्या माथीं.

तिसरा अर्थ कन्नडच्या डोंगरांत आला. खानदेशांतील भिल्लांचा बंदोबस्त नुसत्या बंदुकीनें होत नाहीं असें पाहून १८२५ सालीं तीन भिल्ल एजन्सी स्थापण्यांत आल्या. त्यांतील दक्षिणेकडच्या एजन्सीचें ठाणें कन्नडास होतें. मागील गुन्हे माफ करावे, जमीन व तगाई द्यावी, आणि शेतीवर बसवावें, हें तिचें काम. त्याच सुमारास औट्रम या तरुण लेफ्टनंटनें भिल्लांचीच पलटण उभारली. ज्यांचा पाठलाग कंपनी करीत होती, तेच आतां कंपनीच्या कंपन्यांत कवाईत करूं लागले! घाटाच्या नांवांत त्या काळची एवढी खूण राहिली आहे.

१८५८ सालीं कंपनीचें राज्य गेलें आणि १८७४ सालीं ती कंपनीहि मोडली. शब्द मात्र मेला नाहीं. १८४३ सालीं विष्णुदास भाव्यांनीं सांगलीस नाटक उभें केलें, १८८० सालीं किर्लोस्कर नाटक मंडळी निघाली. फलकावर ‘मंडळी’, पण लोकांच्या तोंडीं ‘नाटक कंपनी’. आपला ‘मंडळी’ शब्दहि कांहीं कमी नव्हे. “आमची मंडळी माहेरीं गेली आहे” असें जुना गृहस्थ म्हणे, तेव्हां गेलेली व्यक्ति एकच असे! पुढें कोल्हापुरास महाराष्ट्र फिल्म कंपनी झाली, १९२९ सालीं प्रभात झाली, आणि ज्या शब्दानें एके काळीं धाक पडे, त्याच शब्दानें तिकिटाच्या खिडकीवर गर्दी लोटूं लागली.

आज वाळूजच्या कारखान्यांत जाणारा तरुण “कंपनींत कामाला आहे” असें सांगतो. तेथें कंपनी म्हणजे कारखाना. शहरांत कोणास सोबत करणें म्हणजे ‘कंपनी देणें’. आणि ‘अमका आणि कंपनी’ असें डोळे मिचकावून म्हटलें कीं ती टोळी. अमेरिकेंत तर सरकारच्या गुप्तहेर खात्यासहि बोलभाषेंत ‘कंपनी’च म्हणतात.

यास्तव जुन्या कागदांत ‘कंपनी आली’ एवढेंच वाचून भागत नाहीं. सावकार आला, राज्य आलें, शिपाई आले कीं नाटक आलें, हें काळ व स्थळ पाहूनच ठरवावें लागतें. कोश शब्दाचें कूळ सांगतो. त्याचा संसार कसा झाला, तें लोकांकडूनच कळतें. एकत्र बसून भाकरी खाण्यापासून निघालेल्या या शब्दानें कोठें दुसऱ्याची भाकरी हिरावली आणि कोठें हजारों घरांची चूल पेटविली, याची नोंद लोकांच्या बोलण्यांतच राहिली आहे.