बर्लिनची वारी आणि प्रभातची कात्री

चित्रपटाच्या आरंभी संकलकाचे नाव पडद्यावर येते तेव्हा आपण बहुधा अंधारात आपली खुर्ची शोधीत असतो. सोलापुरात मात्र या माणसाचे काम समजावून सांगावयास फार शब्द नकोत. मागावर तुटलेला धागा असा सांधावा की चादरीवर गाठ दिसू नये, हे येथे घरोघर ठाऊक आहे. संकलक तेच करतो. फरक इतकाच, की तो धागा आधी स्वतःच तोडतो.

१९३३ साली कोल्हापूरच्या प्रभात कंपनीने 'सैरंध्री' रंगीत करावयाचे ठरविले आणि रंगांची प्रक्रिया करून घेण्यासाठी व्ही. शांताराम जर्मनीस गेले. रंग साधले नाहीत. व्यापाराच्या वहीत ही सफर बुडीत खात्यातच मांडावी लागेल.

पण शांतारामबापू रिकाम्या हातांनी परतले नाहीत. उफा ही तेथील सर्वांत मोठी चित्रसंस्था. मूकपटांच्या काळात जर्मनांनी छायाप्रकाशाची आणि दृश्यांच्या बांधणीची जी रीत घडविली होती, ती त्यांना जवळून पाहावयास मिळाली. त्याच साली हिटलर सत्तेवर आला आणि उफाने आपल्या ज्यू कलावंत-तंत्रज्ञांना काढून टाकण्यास आरंभ केला. ज्या घरची विद्या पाहावयास आपला माणूस गेला, ते घर तेव्हाच मोडू लागले होते!

प्रभात पुण्यास आल्यावर १९३४ साली 'अमृतमंथन' निघाले. त्यात राजगुरूचा एक डोळा सबंध पडदाभर दिसतो. जर्मनीहून आणलेल्या, दूरचे जवळ दाखविणाऱ्या भिंगाची ही करामत. भिंगाची स्तुती पुष्कळ झाली. मला महत्त्वाची वाटते ती त्या डोळ्याची जागा. डोळा नुसता मोठा केल्याने कोणी दचकत नाही. त्याच्या आधी काय दाखविले, तो किती वेळ राहू दिला आणि कोणत्या क्षणी काढून घेतला, यावर ती भीती उभी असते. शिवाय हे चित्र मराठीत आणि हिंदीत असे दोनदा झाले. हिंदीत राजगुरू चंद्रमोहन, मराठीत केशवराव दाते. दात्यांची वाणी रंगभूमीवर मुरलेली. तिचे विराम हिंदीच्या मापाने कापून कसे चालतील?

आणि हे कापणे हातानेच व्हावयाचे. पट्टी उजेडासमोर धरायची, कात्रीने छेद द्यायचा, कडेचा थर खरवडून रसायनाने जोड द्यायचा. बोलपटात सेकंदाला २४ चित्रे. आवाजाची पट्टी वेगळी. एका-दोन चित्रांची चूक झाली तरी ओठ आणि शब्द यांची फारकत होऊ लागते.

दुसरी जर्मन वाट मुंबईजवळ मालाडला आली. १९३४ साली स्थापन झालेल्या बॉम्बे टॉकीजमध्ये दिग्दर्शक फ्रान्झ ऑस्टेन, छायाचित्रकार जोसेफ विर्शिंग अशी मंडळी होती. ऑस्टेनच्या 'अछूत कन्या'चे (१९३६) संकलन दत्ताराम पै यांचे. १९३९ साली महायुद्ध पेटताच ब्रिटिश सरकारने जर्मनांना स्थानबद्ध केले. परंतु चित्रे निघत राहिली, आणि १९४३ च्या 'किस्मत'वरही संकलक म्हणून पै यांचेच नाव आहे. कलकत्त्यात हे चित्र तीन वर्षांहून अधिक काळ चालले. गुरू तुरुंगाआड गेले तरी कात्री अडली नाही, असे म्हणावयास हरकत नसावी.

आपल्या डॉ. द्वारकानाथ कोटणीसांवर शांतारामबापूंनी १९४६ साली चित्र काढले, तेही हिंदी आणि इंग्रजी अशा दोन रूपांत. अवघ्या ३२ वर्षांचे ते आयुष्य, सोलापुरात आरंभलेले आणि चीनमध्ये संपलेले. त्यातले काय ठेवावे नि काय गाळावे हा प्रश्न तेथे केवळ तंत्राचा नव्हता.

१९५८ साली बर्लिनच्या महोत्सवात 'दो आँखें बारह हाथ'ला रौप्य अस्वलाचे पारितोषिक मिळाले. त्याच्या आधी १९५५ साली 'झनक झनक पायल बाजे' हे रंगीत चित्र शांतारामबापूंनी यशस्वी करून दाखविलेच होते. बर्लिनला मात्र गेले ते कृष्णधवल चित्र. प्रभात त्यापूर्वीच बंद पडली होती. तिच्या पुण्यातील आवारात १९६० साली सरकारने चित्रपटशिक्षणाची संस्था काढली, आणि तेथील विद्यार्थी पुढे वर्षानुवर्षे संकलन शिकले ते हँबर्गच्या स्टीनबेक कंपनीच्या मेजावर.