एका बिऱ्हाडाची गोष्ट

१९६८ साली बर्मिंगहॅमच्या पोरांनी हेवी मेटलचं बिऱ्हाड थाटलं. पुढे दारावर ‘ब्लॅक सॅबथ’ अशी पाटी लागली. १९७९ला गायक ऑझीला दारू नि नशेपायी घराबाहेर काढलं. मग डिओ आला, गेला. १९८३ला गिलन आला, तोही टिकला नाही. ड्रमवाले किती झाले हे सांगायला शिरगणतीचा कारकूनच बोलवावा! हलला नाही तो एकटा टोनी आयोमी. कारखान्यात दोन बोटांची टोकं गेली, तर हा पठ्ठ्या प्लॅस्टिकच्या टोप्या चढवून गिटार वाजवत राहिला. पाटी त्यानं जपली. पण लोक मात्र मूळच्या चौघांचीच वाट बघत राहिले. ५ जुलै २०२५ला ते चौघे त्याच गावात एकत्र वाजले. ऑझी बसूनच गायला. सतरा दिवसांनी तो गेला. घर बंद झालं खरं, पण भरलेलं असताना!