‘स्टीव्ह’ अशी सही करणारी स्त्री : ६ पौंडांची कंपनी आणि घरी बसून लिहिलेले प्रोग्रॅम (धागा)

१/
१९६०च्या दशकाच्या आरंभी इंग्लंडमधील अनेक कंपन्यांच्या व्यवस्थापकांना एका नव्या उद्योगाची पत्रे येऊ लागली. तुमच्या संगणकासाठी प्रोग्रॅम लिहून देऊ, असा त्यांचा आशय. खाली सही स्टेफनी शर्ली. उत्तरे येत नव्हती. मग पतीच्या सुचवण्यावरून तीच पत्रे ‘स्टीव्ह शर्ली’ या सहीने जाऊ लागली आणि भेटीची बोलावणी आली. आलेला पाहुणा ‘पाहुणी’ आहे हे लक्षात येईपर्यंत हस्तांदोलन उरकलेले असे.

२/
हा किस्सा सर्वत्र सांगितला जातो आणि दुर्दैवाने बहुतेकदा तेवढाच सांगितला जातो. सहीतले नाव बदलले, ही त्यातली सर्वांत सोपी गोष्ट होती. कारण नाव बदलण्याची या बाईंची ती पहिली वेळ नव्हती.

३/
१६ सप्टेंबर १९३३ रोजी जर्मनीतील डॉर्टमुंड येथे व्हेरा बुखथाल हिचा जन्म झाला. वडील ज्यू, पेशाने न्यायाधीश. हिटलर सत्तेवर येताच त्यांचे पद गेले. कुटुंब व्हिएन्नाला सरकले, पण १९३८ मध्ये ऑस्ट्रियाच जर्मनीने गिळंकृत केला. जुलै १९३९ मध्ये पाच वर्षांची व्हेरा आणि नऊ वर्षांची तिची बहीण रेनाटे ‘किंडरट्रान्सपोर्ट’च्या गाडीत बसल्या. सोबत आईवडील नाहीत. अशा गाड्यांनी सुमारे १०,००० मुले ब्रिटनला पोहोचली. त्यांपैकी बहुतेकांना आईवडील पुन्हा दिसले नाहीत.

४/
व्हेराचे आईवडील वाचले. तरीही तुटलेले नाते पूर्वीसारखे कधीच जुळले नाही. तिला वाढवले ते बर्मिंगहॅमजवळच्या सटन कोल्डफील्ड येथील एका निपुत्रिक दांपत्याने. निर्वासितांच्या इतिहासात ‘वाचले’ हा शब्द आकडेवारीसाठी पुरेसा असतो, घरासाठी नसतो. अठराव्या वर्षी ब्रिटिश नागरिकत्व घेताना तिने नाव घेतले स्टेफनी ब्रुक.

५/
गणिताची ओढ मोठी, पण मुलींच्या शाळेत गणित शिकवण्याची सोयच अपुरी. खटपट करून तिला त्या विषयापुरते मुलांच्या शाळेत जाण्याची परवानगी मिळाली. पुढे विद्यापीठात न जाता १९५१च्या सुमारास ती लंडनमधील डॉलिस हिल येथील टपाल खात्याच्या संशोधन केंद्रात रुजू झाली. महायुद्धात ‘कोलोसस’ हे यंत्र उभारणारे टॉमी फ्लॉवर्स याच केंद्राचे. दिवसा नोकरी आणि रात्रीचे वर्ग अशी सहा वर्षे काढून तिने गणिताची पदवी मिळवली. बचत-रोख्यांच्या सोडतीसाठी यादृच्छिक आकडे काढणाऱ्या ‘एर्नी’ या यंत्राच्या कामातही तिचा सहभाग होता.

६/
या सरकारी केंद्रात स्त्री-पुरुषांच्या वेतनश्रेण्या उघडपणे वेगळ्या होत्या. म्हणजे समान कामाला कमी पगार ही कुणा साहेबाची लहर नव्हती. तो छापील तक्ता होता. १९५९ मध्ये स्टेफनी यांनी सहकारी भौतिकशास्त्रज्ञ डेरेक शर्ली यांच्याशी विवाह केला आणि त्या एका खासगी संगणक कंपनीत गेल्या. तिथे एका बैठकीत किमतीविषयी मत मांडताच तो विषय तुमचा नव्हे, असे त्यांना सुनावण्यात आले. राजीनाम्यामागे हा प्रसंग होता, असे त्या पुढे सांगत.

७/
१९६२. भांडवल ६ पौंड, कचेरी म्हणजे घरातले जेवणाचे टेबल, नाव ‘फ्रीलान्स प्रोग्रॅमर्स’. हा काळ ध्यानात घ्यायला हवा. तेव्हा सॉफ्टवेअर ही विकण्याची वस्तूच मानली जात नव्हती. यंत्र घ्या, प्रोग्रॅम त्यासोबत आलाच, असा व्यवहार. पैसे यंत्राचे. प्रोग्रॅमपुरते वेगळे पैसे मागणारा माणूसच विचित्र ठरे. इथे तर ती मागणी एक बाई करत होती.

८/
पण शर्ली यांनी हेरलेली खरी गोष्ट वेगळी होती. लग्न झाले, मूल झाले की प्रशिक्षित स्त्रिया नोकरीबाहेर पडत, आणि त्यांच्या कौशल्याला कुणी वाली नसे. प्रोग्रॅम लिहायला तेव्हा संगणक समोर असण्याची गरजही नव्हती. आधी कागदावर प्रवाहतक्ता आखायचा, मग पेन्सिलीने एकेक आज्ञा लिहायची, स्वतःच नजरेखालून घालून तपासायची आणि टपालाने पाठवायची. पुढे दुसरीकडे ते कागद पंचकार्डांवर किंवा पट्टीवर उतरत. म्हणून उमेदवार बाईंना विचारायचा एक महत्त्वाचा प्रश्न असे : घरी टेलिफोन आहे का?

९/
घरून काम करणाऱ्या बाईने नेमके किती तास घातले, हे ग्राहकाला कसे कळणार? यावर उपाय म्हणून कंपनी संपूर्ण कामाची ठरावीक रक्कम आधीच सांगू लागली. अंदाज चुकला तर तोटा आपला. साहजिकच अंदाज बांधण्याची आणि काम तपासण्याची शिस्त कठोर झाली. या कंपनीची कार्यमानके पुढे नाटोपर्यंत पोहोचली. अविश्वासातून शिस्त जन्मली, असे म्हणायला हरकत नाही. आणि हो, १९६३ मध्ये मुलगा जाइल्स जन्मल्यावर फोन वाजला की शर्ली टंकलेखनाच्या खडखडाटाची ध्वनिफीत लावत. बाळाचे रडणे झाकले जाई आणि पलीकडच्याला भरगच्च कचेरीचा भास होई.

१०/
कामे तरी कोणती? मालगाड्यांची वेळापत्रके, गोदामांतील मालाचा हिशेब. आणि ‘कॉन्कॉर्ड’ या स्वनातीत विमानाच्या ब्लॅक बॉक्सच्या नोंदींसाठीचे प्रोग्रॅम. ॲन मॉफॅट यांच्या नेतृत्वाखाली स्त्रियांच्या एका गटाने ते आपापल्या घरी बसून लिहिले. त्या काळातील युरोपच्या सर्वाधिक मिरवलेल्या यंत्राचा हा भाग स्वयंपाकघराच्या शेजारी तयार झाला, हे विमानाच्या गौरवगाथांत क्वचितच आढळते.

११/
कंपनीच्या पहिल्या ३०० कर्मचाऱ्यांपैकी २९७ स्त्रिया होत्या. मग १९७५ चा लिंगभेदविरोधी कायदा आला. स्त्रियांना न्याय मिळावा म्हणून झालेल्या या कायद्याने शर्ली यांचे स्त्रियांना प्राधान्य देणारे धोरणच बेकायदा ठरवले! पुरुषांची भरती सुरू झाली. या विसंगतीवर हसणे सोपे आहे, परंतु कायद्याची बाजूही खोटी नव्हती. वेगळ्या वेतनश्रेण्यांचा तक्ता ज्या तत्त्वाने मोडला, त्याच तत्त्वाने हे प्राधान्यही मोडले.

१२/
यशाच्या कहाणीत न बसणारा भाग घरातला आहे. जाइल्सला तीव्र स्वमग्नता होती. अडीच वर्षांच्या सुमारास त्याची येत असलेली वाचा गेली, पुढे अपस्माराचे झटके आले. १९७०च्या दशकातील मंदीत कंपनी बुडता बुडता वाचली, त्याच वर्षांत घरी ही झुंज. शर्ली यांचे मानसिक स्वास्थ्य कोसळले, त्यांना रुग्णालयात राहावे लागले, आणि जाइल्सलाही संस्थेत ठेवावे लागले. घरून काम करण्याची मुभा शेकडो आयांना देणाऱ्या बाईंना स्वतःच्या मुलाला घरी ठेवता आले नाही. त्याला इस्पितळाबाहेर आणण्यासाठी त्यांनी पुढे एक निवासगृहच उभारले. तिथला पहिला रहिवासी तोच. १९९८ मध्ये, ३५ व्या वर्षी त्याचे निधन झाले.

१३/
भागभांडवलाबाबतही शर्ली यांनी रूढ वाट सोडली. आपल्या वाट्यातून कंपनीचा सुमारे चतुर्थांश हिस्सा त्यांनी कर्मचाऱ्यांच्या हाती दिला, पुढे तो वाढत गेला. १९९३ मध्ये त्या निवृत्त झाल्या. १९९६ मध्ये कंपनी लंडनच्या शेअर बाजारात उतरली. तिच्या भरभराटीत ७० कर्मचारी लक्षाधीश झाले. पुढच्याच वर्षी कंपनीने नोएडाची ‘आयआयएस इन्फोटेक’ विकत घेतली, म्हणजे जेवणाच्या टेबलावरचा हा उद्योग भारतातही आला. ‘झान्सा’ या नव्या नावाची ही कंपनी २००७ मध्ये फ्रान्सच्या ‘स्टेरिया’त विलीन झाली.

१४/
शर्ली यांनी हाती आलेल्या संपत्तीतील ६ कोटी पौंडांहून अधिक रक्कम दान केली. त्यातील मोठा वाटा स्वमग्नतेवरील संशोधन, शाळा आणि निवासगृहांकडे गेला. ऑक्सफर्डमधील इंटरनेट संशोधन संस्थाही त्यांच्याच देणगीतून सुरू झाली. ब्रिटिश कॉम्प्युटर सोसायटीच्या त्या पहिल्या स्त्री अध्यक्ष. २००० मध्ये ‘डेम’ हा किताब मिळाला. ९ ऑगस्ट २०२५ रोजी, वयाच्या ९१ व्या वर्षी त्यांचे निधन झाले. स्नेही आणि सहकारी अखेरपर्यंत त्यांना ‘स्टीव्ह’ याच नावाने हाक मारत.